छप्पन सेंटिमीटरांचा हिशेब

(भोकर येथे कार्यकर्त्यांसमोर केलेले भाषण)



२८ ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिसमध्ये पॅरालिम्पिक स्पर्धांचे उद्घाटन झाले, तेव्हा भारतीय पथकाचा ध्वज दोघांच्या हाती होता. एक हरियाणाचे भालाफेकपटू सुमित अंतिल. दुसऱ्या भाग्यश्री जाधव, आपल्याच नांदेड जिल्ह्यातील, मुखेड तालुक्यातल्या होनवडज गावच्या. पुढे काही दिवसांनी गोळाफेकीत त्या पाचव्या आल्या. पदक नाही म्हटल्यावर आपल्याकडील चर्चाही ओसरली. मला त्या पाचव्या क्रमांकाविषयीच बोलायचे आहे.

तरुणपणी ओढवलेल्या एका जीवघेण्या प्रसंगातून या बाई वाचल्या. मात्र शरीरावरील पूर्वीचा ताबा राहिला नाही आणि व्हीलचेअर आली. त्या प्रसंगाविषयी वर्तमानपत्रांनी पुष्कळ लिहिले आहे. मी ते येथे सांगणार नाही. स्त्रीच्या कर्तृत्वाची गोष्ट तिच्या दुःखापासूनच सुरू केली पाहिजे, ही आपली खोड काही चांगली नव्हे.

गोळा आणि भाला असे फेकीचे दोन्ही प्रकार त्यांनी हाताळले. त्यांचा गट एफ-३४. स्नायूंचा ताठरपणा किंवा हालचालींतील असमन्वय असलेले खेळाडू या गटात बसून फेक करतात. आता आकडे पाहा. २०२१ साली टोकियोत ७.०० मीटर, सातवा क्रमांक. ऑक्टोबर २०२३ मध्ये हांगझोऊच्या आशियाई पॅरा स्पर्धेत ७.५४ मीटर, रौप्यपदक. मे २०२४ मध्ये जपानमधील कोबे येथे जागतिक स्पर्धेत ७.५६ मीटर, पुन्हा रौप्य. आणि पॅरिसमध्ये ७.२८ मीटर. म्हणजे टोकियो ते कोबे या पावणेतीन वर्षांत छप्पन सेंटिमीटरांची वाढ. पायांचा उपयोग नाही, कमरेची साथ अपुरी, अशा स्थितीत चाळिशीकडे झुकलेल्या वयात मिळवलेली ही वाढ आहे. आयुष्यभर विकासाचे दर शिकवलेल्या माणसाला ती फार मोठी वाटते.

ही वाढ कशातून येते? बसून फेक करणाऱ्या खेळाडूला एक खास आसन लागते. धातूची भक्कम चौकट, गादीसकट उंची जास्तीत जास्त पंचाहत्तर सेंटिमीटर, आणि ती जमिनीला घट्ट बांधावी लागते. आसन हलले की जोर गोळ्यात जात नाही, आसनात जिरतो. म्हणून ते प्रत्येकाच्या शरीराच्या मापाने करून घ्यावे लागते. आमच्या भाषेत हे स्थिर भांडवल. त्याशिवाय आसनावर चढवणारा आणि गोळा परत आणून देणारा सोबती हवा, मैदानापर्यंत नेणारे वाहन हवे, प्रशिक्षक हवा. फिजिओथेरपी तर रोजचीच. यांतील एकही खर्च पदकानंतरचा नाही. सगळे पदकापूर्वीचे, आणि तेही वर्षानुवर्षांचे.

आता शासनाचा हात कधी पुढे येतो ते पाहा. पॅरिसच्या वैयक्तिक पदकविजेत्यांना केंद्राने सुवर्णासाठी ७५ लाख, रौप्यासाठी ५० लाख आणि कांस्यासाठी ३० लाख रुपये दिले. त्यांना ते मिळालेच पाहिजेत. कोणी घामाचे मोल मोजत असेल तर आपण कुरकुर करू नये. परंतु ही रक्कम पिकाचा भाव आहे, पेरणीचे कर्ज नव्हे. मराठवाड्यातील शेतकऱ्याला हा फरक मी समजावून सांगण्याची गरज नाही.

अमर्त्य सेन यांनी अपंगत्वाच्या अर्थशास्त्राविषयी एक गोष्ट नेमकी मांडली आहे. अपंग माणसाची कमाई कमी असते हे आपल्याला दिसते. पण हाती आलेल्या त्याच रुपयातून त्याला इतरांइतके जगताही येत नाही, कारण इतरांना फुकट असलेली हालचाल त्याला विकत घ्यावी लागते. ही दुसरी वजाबाकी आपल्या दारिद्र्यरेषेत कोठेच धरलेली नसते. त्यात बाईमाणूस आणि तालुक्यापासून दूरचे खेडे, म्हणजे वजाबाकीवर वजाबाकी.

भारताचे पहिले पॅरालिम्पिक सुवर्ण एका मराठी माणसाचे, मुरलीकांत पेटकर यांचे. १९७२, हायडेलबर्ग, ५० मीटर पोहणे. त्याच स्पर्धेत ते भालाफेकीतही उतरले होते. ते जवान होते, १९६५ च्या युद्धात जायबंदी झाले, आणि त्यानंतर उपचारांना लष्कराचे रुग्णालय मिळाले. यात त्यांच्या जिद्दीला उणेपणा येत नाही. प्रश्न एवढाच, की ज्या मुलीच्या पाठीशी लष्कर नाही, तिच्या पाठीशी कोण?

उत्तर देताना मला संकोच होतो. मी ज्या महाविद्यालयात शिकवत होतो, तेथे अर्थशास्त्राचा वर्ग वरच्या मजल्यावर भरे. एक पोलिओग्रस्त विद्यार्थिनी होती. दोन मैत्रिणी तिला धरून वर आणीत. दिवाळीनंतर ती आलीच नाही. मी हजेरीपुस्तकात तिच्या नावावर लाल रेघ ओढली आणि मागणीचा लवचिकपणा शिकवू लागलो. वर्ग खाली आणा, एवढे एक वाक्य प्राचार्यांना सांगायचे होते. मला सुचले नाही, आणि मी तर स्वतःला समाजवादी म्हणवीत होतो.

आज कायदा आपल्या बाजूने आहे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याचे तिसावे कलम खेळाविषयीच आहे: क्रीडासुविधा अपंगांना वापरता येतील अशा कराव्यात आणि त्यासाठी निधी द्यावा. (शासनाने ‘अपंग’ हा शब्द काढून ‘दिव्यांग’ केला, कचेरीच्या पायऱ्या मात्र तशाच ठेवल्या.) महाराष्ट्रात ग्रामपंचायतीपासून महापालिकेपर्यंत प्रत्येक संस्थेने स्वतःच्या उत्पन्नातील ५ टक्के रक्कम दिव्यांगांसाठी खर्च करावी, असा आदेश आहे. वर्षअखेरीस माणशी थोडे थोडे पैसे वाटून तो आदेश पुरा केलेला मी पाहिला आहे. गरजूला तेही हवे असतात, हे खरे. पण त्या वाटपातून आसन उभे राहत नाही.

तेव्हा आपापल्या गावी जाल तेव्हा ग्रामसभेत या ५ टक्क्यांचा लेखी हिशेब मागा. गावातील अपंग मुलींपैकी शाळा सोडलेल्या किती, याची यादी स्वतः घरोघर जाऊन करा. कागदावरच्या यादीवर विसंबू नका. त्यांतील कोणाला फेक करून पाहावीशी वाटली, तर पुण्यामुंबईची वाट पाहण्याचे कारण नाही. ट्रॅक्टरची ट्रॉली जोडणारा वेल्डर भोकरमध्येही असे आसन करू शकेल. त्याला मुलीचे माप द्या, जमिनीला बांधायला कड्या ठेवायला सांगा, आणि गादीसकट उंची पंचाहत्तर सेंटिमीटरांच्या वर जाऊ देऊ नका.