नकाशावरची रेघ कुणाची?



आम्ही गिरणी कामगार चौथीपर्यंत शिकलेले. पण कात्री ज्याच्या हातात, माप त्याचंच चालतं, एवढं आम्हांला कळतं. नकाशाचंही तसंच आहे.

इंग्रजांचा मुंबई इलाखा आठवा. १८३९ साली त्यांनी एडन घेतलं, ते मुंबईला जोडलं. १८४३ साली सिंध घेतला, तोही पुढं मुंबईला जोडला. समुद्रापलीकडचं एडन मुंबईचं, आणि नागपूर? ते १८६१ पासून मध्यप्रांतात! मराठवाडा निजामाकडे. पलटण जिथवर गेली, तह जसा झाला, तशी रेघ ओढली. तिथली माणसं बोलतात काय, हे विचारतो कोण?

तोच नकाशा शाळेच्या भिंतीवर टांगला. नागपूरचा मराठी माणूस परप्रांतातला, असं पोरं शिकली. साहेबाची सोय ही देवाची करणी वाटू लागली!

पण माणसानं ओढलेली रेघ माणसानंच पुसली. १ मे १९६० रोजी महाराष्ट्राचा नकाशा झाला, तो मोर्च्यांतल्या पायांनी आणि हुतात्म्यांच्या रक्तानं. १९५६ साली बेळगाव म्हैसूरकडे गेलं, ती रेघ आजही सलते.

म्हणून नकाशा बघाल तेव्हा आधी विचारा, ही रेघ कुणी ओढली आणि कुणासाठी?