घरची बंदूक : तिची पूजा आणि तिची निगा
(ज्ञातिमंडळाच्या वार्षिक संमेलनातील भाषण)



आपल्या घराण्यांतील शस्त्रपूजेच्या परंपरेवर चार शब्द बोलावे, अशी मंडळाच्या चिटणिसांनी मला आज्ञा केली. विषय मोठा आणि माझा अधिकार अल्प. पूर्वजांच्या तलवारींविषयी साधार बोलू शकतील असे विद्वान या सभेत पुष्कळ आहेत. मला तलवार कधी हाती धरावी लागली नाही; बंदूक मात्र मी पन्नासाहून अधिक वर्षे पुसत आलो आहे. तेव्हा परंपरेचा इतिहास मी विद्वानांवर सोपवितो आणि एक दोरी, एक चिंदी व बंदुकीची नळी, एवढ्याच सामग्रीवर आपला थोडा वेळ घेतो.

कोकणात आपल्या कित्येक घरी पीकसंरक्षणाच्या परवान्यावर घेतलेली बंदूक आहे. खंडेनवमीला ती खाली येते, तिला गंध-फूल वाहिले जाते, आणि दुसऱ्या दिवशी ती पुनः खुंटीवर अथवा कपाटात जाते. पूजेबद्दल माझी तक्रार नाही. परंतु जिच्या नळीत वर्षभर कोणी डोकावून पाहिले नाही, तिला बाहेरून वाहिलेले फूल आतल्या गंजाला थांबवू शकत नाही.

आरंभीच एक गोष्ट सांगतो, कारण ती चुकली तर पुढचे सर्व व्यर्थ आहे. बंदूक साफ करावयास घेण्यापूर्वी ती उघडून रिकामी आहे हे डोळ्यांनी पाहावे आणि बोटाने चाचपावे. काडतुसे त्या खोलीत ठेवूच नयेत. "मीच काल रिकामी केली होती" हा पुरावा नव्हे; बंदुकीच्या बाबतीत स्मरणशक्तीवर विसंबणे हा अपराध आहे.

आता नळीची रचना पाहू. आपण जिला बारा बोअरची म्हणतो, तिच्या नळीत नेमक्या बसणाऱ्या शिशाच्या १२ गोळ्या मिळून एक पौंड वजन भरते. त्यावरून हे नाव पडले. नळीचा आतील व्यास सुमारे १८.५ मिलिमीटर असतो. तथापि ती आरंभापासून अखेरपर्यंत सारखी नसते. मागे काडतूस बसते ते घर थोडे रुंद, त्यापुढे निमुळता उतार, मग लांब सरळ नळी, आणि तोंडाशी बहुधा पुनः आवळलेला भाग. त्यास चोक म्हणतात. पूर्ण चोकमध्ये हे आवळणे सुमारे १ मिलिमीटर असते. दुनळी बंदुकीत सामान्यतः डावी नळी उजवीपेक्षा अधिक आवळलेली असते. हे सारे ध्यानात ठेवावे. पुढे त्याचा संबंध येणार आहे.

बार उडाल्यावर नळीत दारूची काजळी राहते, छऱ्यांच्या शिशाचे पट्टे उमटतात, आणि हल्लीच्या काडतुसांतील प्लास्टिकचा अंशही चिकटतो. ही घाण विशेषतः मागील उतारापाशी व चोकपाशी साठते. जुन्या काळ्या दारूचा मळ तर हवेतील ओल शोषून घेतो. आपल्या पावसाळ्यात तो एका रात्रीत नळीला खाऊ लागतो. म्हणून काळी दारू वापरल्यावर नळी प्रथम कढत पाण्याने धुवून, पूर्ण कोरडी करून मगच तेल द्यावे.

या कामासाठी सर्वांत सुटसुटीत साधन म्हणजे फौजी लोक ज्याला 'पुलथ्रू' म्हणतात ते. एक बळकट दोरी, तिच्या एका टोकाला नळीतून सहज जाणारे पितळी वजन, आणि दुसऱ्या टोकाला चिंदी अडकविण्यासाठी फासा. एवढेच त्याचे स्वरूप. जुन्या ली-एनफील्ड रायफलीच्या दस्त्यातील कप्प्यात हे साधन व तेलाची कुपी ठेवलेली असे, आणि ४ इंच लांब, २ इंच रुंद अशी फ्लॅनेलची चिंदी त्यासाठी ठरलेली असे. एन.सी.सी.त गेलेल्या आपल्या मुलांना 'चिंदी' हा शब्द चांगला परिचित आहे. छऱ्याच्या बंदुकीची नळी रायफलीपेक्षा बरीच रुंद असल्याने चिंदीही मोठी लागते. तिचे माप हातानेच ठरवावे: सरळ नळीतून ओढताना थोडा विरोध जाणवावा, परंतु झटका द्यावा लागू नये.

कृती अशी. शक्य असल्यास नळ्या दस्त्यापासून वेगळ्या कराव्या. वजन मागील बाजूने, म्हणजे काडतुसाच्या घराकडून, आत सोडून तोंडातून बाहेर काढावे. चिंदीस नळी साफ करण्याचे द्रव लावावे. ते नसेल तर थोडे रॉकेल चालते. दोरी नळीच्या रेषेतच सरळ ओढावी. तिरपी ओढल्यास ती तोंडाच्या कडेवर घासते. मग शिशाचे पट्टे सुटावेत म्हणून कांस्याच्या तारांचा ब्रश फिरवावा, आणि त्यानंतर कोरड्या चिंद्या एकामागून एक घालीत जावे, तो शेवटची चिंदी स्वच्छ बाहेर येईपर्यंत. काडतुसाचे घर रुंद असल्याने या चिंदीने ते नीट पुसले जात नाही. ते काठीला कापड गुंडाळून निराळे पुसावे. अखेर हलक्या खनिज तेलाचा अगदी पातळ हात द्यावा. खोबरेल वापरू नये. ते कालांतराने चिकट होते. आणि काम संपल्यावर हात साबणाने धुवावे, कारण त्या काजळीत शिसे असते.

ठासणीच्या बंदुकीस मात्र हे साधन निरुपयोगी आहे. तिची नळी मागून बंद असते. दोरी जाणार कोठून? तिला गजच हवा.

एवढे सांगून मी थांबलो असतो, तर हे भाषण एखाद्या माहितीपत्रकात छापता आले असते. परंतु हे सर्व मी कोणाकडून आणि कशा प्रसंगाने शिकलो, ते आपणांस सांगणे मला आवश्यक वाटते.

सन १९६८ ची गोष्ट. मी तेव्हा सोळा-सतरा वर्षांचा होतो. आमच्या घरी दुनळी होती. परवाना थोरल्या काकांच्या नावे. त्यांना आम्ही तात्या म्हणत असू. खंडेनवमीच्या आदल्या दिवशी त्यांनी आपल्या देखत बंदूक रिकामी करून, नळ्या काढून माझ्यापुढे ठेवल्या आणि कोणी हाक मारली म्हणून ते खळ्यात गेले. मला वाटले, चिंदी जितकी जाड तितकी नळी चकचकीत होईल. उजवी नळी कशीबशी पार पडली. डावीत चिंदी तोंडापाशी येऊन अडकली. मी पाय रोवून हिसका दिला, आणि जुनी सुती दोरी तुटून हातात आली. चिंदी आतच राहिली.

मला लाज वाटली. उद्या सकाळी गुपचूप काढू, असे ठरवून मी नळ्या दस्त्यावर चढविल्या, बाहेरून तेल पुसले, आणि तात्यांनी विचारले तेव्हा सांगितले, "झाली साफ."

त्याच रात्री पिकल्या भातात रानडुकरे शिरली. गड्याने हाक दिली. तात्या उठले, त्यांनी बंदूक घेतली, काडतुसे खिशात टाकली. मी अंथरुणावर जागा होतो. तोंडातून शब्द फुटेना. एवढ्यात तात्यांनी ओटीवर थांबून बंदूक उघडली, नळ्यांची तोंडे भिंतीवरच्या कंदिलाकडे केली आणि मागून पाहिले. उजव्या नळीत उजेडाचे गोल वलय दिसले. डाव्या नळीत अंधार होता.

त्यांनी बंदूक मिटली नाही. तशीच उघडी ठेवून ती आत आणून दिली आणि गड्याला डबा वाजवावयास सांगितले. मला ते एवढेच म्हणाले, "बाळ, चिंदी अडकली यात लाज कसली? ती सांगितली नाहीस, याची मात्र लाज वाटू दे."

नळीत अडथळा असताना बार झाला तर तेथे नळी फुगते किंवा फाटते. आणि धरणाऱ्याचा डावा हात त्याच नळ्यांखाली असतो. त्या रात्री तात्यांचा हात, कदाचित प्राणही, त्यांच्या एका सवयीने वाचला. माझ्या शब्दावर त्यांचा विश्वास होता, तरीही त्यांनी पाहिले. मोठेपणी मला याचे मर्म कळले: पाहणे हा अविश्वास नव्हे, तो नियम आहे.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला चिंदी काढावयास लावली. तोंडाकडून सरळ लाकडी काठी घालून ती मागे, रुंद बाजूकडे, ढकलली. ज्या वाटेने ती आली त्याच वाटेने परत गेली. तेव्हापासून मी चिंदीच्या मागेही एक दोरी बांधून ठेवतो, म्हणजे अडकलीच तर उलट ओढता येते. अडकलेली वस्तू बार काढून उडविण्याचा विचार कोणीही, कधीही मनात आणू नये.

अडथळा केवळ चिंदीचाच असतो असे नाही. टांगलेल्या बंदुकीच्या नळीत कुंभारीण माशी मातीचे घर करते. २० बोअरचे काडतूस चुकून १२ बोअरच्या नळीत पडले तर ते पुढे जाऊन अडकते आणि त्यामागे दुसरे काडतूस निमूटपणे बसते. या सर्वांवर उपाय एकच: नळीतून उजेड पाहणे.

ठेवण्याविषयी दोन शब्द. चामड्याच्या पिशवीत बंदूक कायम ठेवू नये. चामडे ओल धरते. तेल दिल्यावर काही काळ नळीचे तोंड खाली ठेवावे, नाहीतर तेल दस्त्याच्या लाकडात मुरते. वापरण्यापूर्वी आतील तेल कोरड्या चिंदीने पुसून घ्यावे.

काळ बदलला आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर पिकात शिरलेल्या रानडुकरावरही परवानगीवाचून बार टाकता येत नाही. १९५९ च्या शस्त्र कायद्याप्रमाणे परवानाधारक निवर्तल्यास वारसाने बंदूक घरात ठेवून चालत नाही. नवा परवाना मिळेपर्यंत ती पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करावी लागते. आपल्यातील ज्या घरी असा प्रसंग आला असेल, त्यांनी संकोच न करता ते कर्तव्य आधी पार पाडावे. तेथेही तात्यांचेच वाक्य लागू पडते.

यंदा खंडेनवमीला फूल वाहण्यापूर्वी परवानाधारकाने नळी उजेडाकडे धरून पाहावी, आणि शेजारी उभ्या असलेल्या मुलालाही दाखवावी. पाटावर शस्त्र ठेवले जाईल ते आतून स्वच्छ असो, आणि ज्याने ते पुसले त्याच्या मनात काही अडकून राहिलेले नसो, एवढीच माझी प्रार्थना.