खेकडा आणि बेडूक : एक काठ, दोन कुळे



वसंत व्याख्यानमालेत इतिहास, साहित्य, संतवाङ्मय हे विषय नित्याचे. त्यांच्या पंक्तीला खेकड्याला आणून बसविले, याचे काही श्रोत्यांना नवल वाटेल. पण मराठी व्याख्यानपीठाला खेकडा अगदीच परका नाही. टोपलीतून वर चढणाऱ्या खेकड्याचे पाय खालचे खेकडे ओढतात आणि मराठी माणूसही तसाच, हा दृष्टांत आपण अनेकदा ऐकला आहे. खरे पाहता टोपलीतला खेकडा मत्सराने कोणाचे पाय ओढीत नाही. नांगीला जे लागेल ते तो आधारासाठी धरतो, इतकेच. ज्या प्राण्यावर आपण आपलाच स्वभाव लादून मोकळे झालो, तो मुळात आहे तरी कोण, एवढाच आजचा माझा प्रश्न आहे.

हा प्रश्न सोपा वाटतो. पण शाळेतल्या मुलाला विचारून पाहा. खेकडा पाण्यात राहतो, जमिनीवरही फिरतो. बेडूकही तेच करतो. आणि पुस्तकात बेडकाला उभयचर म्हटले आहे. तेव्हा खेकडाही उभयचर, असे ते मूल सांगेल. त्याच्या तर्कात दोष नाही. दोष आपल्या शब्दात आहे. ‘उभयचर’ हा शब्द मराठीत आपण दोन अर्थांनी वापरतो. पहिला अर्थ राहणीचा : जो पाण्यात आणि जमिनीवर, अशा दोन्ही ठिकाणी वावरतो तो. दुसरा अर्थ कुळाचा : पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांचा एक विशिष्ट वर्ग. बेडूक, भेक, सॅलॅमँडर आणि बिनपायांचे देवगांडूळ हे त्या वर्गातले. पहिल्या अर्थाने खेकड्याला खुशाल उभयचर म्हणा. दुसऱ्या अर्थाने मात्र तो त्या घराच्या उंबरठ्यावरही उभा राहू शकत नाही. एका वाड्यात दोन बिऱ्हाडे असली म्हणून त्यांचे आडनाव एक होत नाही.

राहण्याची जागा आणि कूळ यांची गल्लत मोठमोठ्यांचीही झाली आहे. वर्गीकरणशास्त्राचा पाया घालणारा स्वीडनचा लिनीयस याने १७५८ साली आपल्या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत उभयचरांचा जो वर्ग मांडला, त्यात बेडकाबरोबर साप, सरडे, कासवे, इतकेच काय, शार्क माशालाही बसविले होते. तो वर्ग पुढे मोडावा लागला. पण खेकड्याला मात्र त्याने तिथे बसविले नाही. त्याला त्याने कीटकांत घातले. पुढच्या शास्त्रज्ञांनी तेही बदलले आणि इ.स. १८०० च्या सुमारास कवचधारी प्राण्यांचा स्वतंत्र वर्ग केला. मौज अशी की, एकविसाव्या शतकात जनुकांचा अभ्यास झाला, तेव्हा कीटकांचा उगम कवचधारी प्राण्यांच्याच वंशात झाला असल्याचे निष्पन्न झाले. म्हणजे लिनीयसने जोडलेले खेकडा आणि कीटक यांचे नाते वेगळ्या रीतीने का होईना, परत आले.

आता हे दोन शेजारी, खेकडा आणि बेडूक, आपण समोरासमोर ठेवू.

पहिला भेद सांगाड्याचा. बेडकाची हाडे आत आणि मांस बाहेर. खेकड्याचे मांस आत आणि सांगाडा बाहेर. तो सांगाडा कायटिन नावाच्या द्रव्याचा असून चुन्याच्या क्षारांनी कठीण झालेला असतो. येथे कोणी कासवाचे उदाहरण देईल. पण कासवाची पाठ म्हणजे त्याचा कणा आणि बरगड्या रुंद होऊन एकमेकींना जुळलेल्या आहेत. ते त्याच्याबरोबर वाढते. खेकड्याचे कवच वाढत नाही. म्हणून त्याला वेळोवेळी जुने कवच टाकून, फुगून, नवे कवच घट्ट होण्याची वाट पाहावी लागते. हे दिवस त्याच्या आयुष्यातले सर्वांत नाजूक. अंग लोण्यासारखे मऊ, नांगीत बळ नाही, आणि शत्रू मात्र तेच. या काळात तो बिळात दडून बसतो. तुटलेला पायही तो याच कवच बदलण्याच्या वेळी पुन्हा मिळवितो.

दुसरा भेद शरीराच्या मांडणीचा. बेडकाची मज्जारज्जू पाठीतून जाते आणि हृदय छातीकडे असते. खेकड्याचे हृदय पाठीकडे आणि मज्जारज्जू पोटाकडे. १८२२ साली फ्रान्समधल्या जेफ्रॉय सेंट-हिलेर या प्राणिशास्त्रज्ञाने खेकड्याच्या नात्यातला एक शेवंड चिरून उताणा ठेवला, आणि त्याची मांडणी कणा असलेल्या प्राण्यासारखी दिसते, असे प्रतिपादन केले. त्याची त्या काळी थट्टा झाली. परंतु विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात पाठ आणि पोट ठरविणारी जनुके सापडली, तेव्हा ती या दोन कुळांत खरोखरच उलटसुलट वापरली गेल्याचे दिसले. म्हणजे नाते आहे, पण ते पन्नास कोटी वर्षांहून जुने.

तिसरा भेद रक्ताचा आणि श्वासाचा. बेडकाचे रक्त तुमच्याआमच्यासारखे लाल, कारण त्यात लोहयुक्त हिमोग्लोबिन. खेकड्याच्या रक्तात तांबेयुक्त हिमोसायनिन. त्याला प्राणवायू मिळाला की निळसर छटा येते. बेडूक फुप्फुसाने श्वास घेतो, आणि ओल्या कातडीनेही घेतो. खेकड्याची कातडी म्हणजे कवच. त्यातून श्वास कुठला? त्याचे कल्ले कवचाखालच्या पोकळीत असतात. ते ओले राहतील तोवर तो जमिनीवर हिंडू शकतो. गोड्या पाण्यातल्या कित्येक खेकड्यांत त्या पोकळीचे अस्तरच हवेतला प्राणवायू शोषण्याइतके तयार झाले आहे. पण ओल त्यालाही हवीच. त्याचे बीळ म्हणजे उन्हाळ्यात ती ओल राखून ठेवण्याची सोय.

चौथा भेद पिल्लांचा, आणि आजच्या विषयाच्या दृष्टीने तो फार महत्त्वाचा. बेडकी पाण्यात अंडी सोडते. त्यांतून शेपटीचे, कल्ल्यांचे डिंभक निघतात आणि पुढे त्यांचे बेडूक होतात. समुद्रातल्या चिंबोरीचेही काहीसे असेच. तिची अंडी लाखांनी, आणि त्यांतून निघणारी सूक्ष्म पिल्ले आईसारखी मुळीच दिसत नाहीत. ती प्रवाहाबरोबर दूरदूर वाहत जातात. परंतु ओढ्यातल्या, बांधातल्या आपल्या खेकड्याने ही पद्धत सोडून दिली आहे. त्याची मादी थोडीच, पण मोठी अंडी घालते, ती पोटाच्या घडीखाली धरून ठेवते, आणि त्यांतून बाहेर पडतात ते थेट चिमुकले खेकडे. काही दिवस तेही आईला बिलगून असतात.

याचा परिणाम काय होतो, ते पाहा. वाहून जाणारे पिल्लू नाही, म्हणजे दूरचा प्रवास नाही. खेकड्याचा मुलूख म्हणजे त्याच्या पायांना झेपेल तेवढा. दोन दऱ्यांमध्ये कोरडी धार आली की पलीकडचा खेकडा हजारो वर्षांत निराळ्या जातीचा होतो. म्हणूनच जगात गोड्या पाण्यातल्या खेकड्यांच्या तेराशेंहून अधिक जाती आहेत, आणि त्यांतल्या पुष्कळ एखाद्या डोंगरापुरत्या मर्यादित आहेत. अल्कॉक या शास्त्रज्ञाने भारतातल्या गोड्या पाण्यातील खेकड्यांची सूची १९१० साली कलकत्त्याहून प्रसिद्ध केली. पण यादी तिथे संपली नाही. २०१६ साली एकाच शोधनिबंधात सह्याद्रीतल्या पाच नव्या जातींचे वर्णन आले. अशा जातीचा एक ओढा आटला, तर दुसरीकडून कोणी येऊन ती जागा भरील, ही आशा नाही.

इतर शेजाऱ्यांपासून खेकडा ओळखण्याची खूणही सांगून ठेवतो. कीटकाला सहा पाय आणि मिशांची एक जोडी. कोळ्याला आठ पाय आणि मिशा नाहीत. विंचवाला नांग्या असल्या तरी तो कोळ्याच्या घराण्यातला. नांग्या सोडून त्याचे पाय आठच. खेकड्याचे पाय नांग्या धरून दहा आणि मिशांच्या जोड्या दोन. गोगलगाईला शंख आहे, पण सांध्यांचे पाय नाहीत. ती मृदुकाय प्राण्यांत गेली. सांध्यांचे पाय आणि टाकता येणारे कवच, ही खेकडा, झिंगा, कीटक, कोळी या साऱ्या संधिपाद गोताची निशाणी.

कोणी म्हणेल, हे सारे विद्यार्थ्यांना ठीक. आम्हाला त्याचे काय? त्याचे उत्तर मी दोन प्रसंगांनी देतो.

२ जुलै २०१९ च्या रात्री रत्नागिरी जिल्ह्यात चिपळूण तालुक्यातले तिवरे धरण फुटले आणि वीसच्या आसपास माणसे प्राणांस मुकली. धरणाला गळती असल्याच्या तक्रारी गावकऱ्यांनी आधीच केल्या होत्या. त्यानंतर राज्याच्या तत्कालीन जलसंधारणमंत्र्यांनी भिंत खेकड्यांनी पोखरल्याचे कारण सांगितले, आणि महाराष्ट्रभर त्यावर संताप आणि विनोद दोन्ही झाले. खेकडा बांधात बीळ करतो, हे भंडारा-गोंदियाच्या धानाच्या बांधीत पाय घालणाऱ्या शेतकऱ्याला कोणी सांगायला नको. बांधी गळू लागली की तो आधी खेकड्याचे बीळ शोधून बुजवितो. पण ही खोड आपल्याला आजच कळली काय? खेकडा ओलीच्या शोधात खणतो, हे त्याच्या कल्ल्यांत लिहिलेले आहे. ज्याला हे ठाऊक आहे तो भिंतीची दर वर्षी पाहणी करतो. ज्याने पाहणी केली नाही, त्याला खेकड्याकडे बोट दाखविण्याचा अधिकार उरत नाही.

दुसरा प्रसंग आपल्या विदर्भातला. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन शेतकरी आणि शेतमजूर दगावले. माणसाचे दुःख मोठे. ते आधी मोजलेच पाहिजे. पण फवारलेले औषध पहिल्या पावसाबरोबर नाल्यात उतरते, तिथे काय होते, हेही पाहिले पाहिजे. आता मघाचे कूळ आठवा. कीटकनाशक हे कीटकाला मारण्यासाठी केलेले, आणि कीटक हा खेकड्याचा भाऊबंद. नोव्हॅल्युरॉनसारखी काही औषधे अळीचे कायटिन तयार होऊ देत नाहीत, त्यामुळे कात टाकताना अळी मरते. बेडकाच्या अंगात कायटिनचा सांगाडा नाही. तो या एका घावातून सुटतो. खेकड्याचे सारे घरच कायटिनचे. त्याला तो घाव बसू शकतो. उलट बेडकाची ओली, पातळ कातडी पाण्यात विरघळलेले कितीतरी विष सहज आत घेते. १९९८ साली उजेडात आलेल्या एका बुरशीने जगभर बेडकांच्या अनेक जाती नष्ट केल्या, तीही कातडीच्या वाटेने. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या जागतिक पाहणीत उभयचरांच्या दर पाच जातींपैकी दोन धोक्यात असल्याचे दिसले. एकाच डबक्यात दोघे मरतात, पण मरणाची वाट प्रत्येकाची वेगळी. म्हणून उपायही एकच असून चालत नाही.

आपल्या सरकारने १९८७ साली बेडकांच्या तंगड्यांची निर्यात बंद केली, ते योग्यच झाले. पण ‘पाणथळीतले प्राणी वाचवा’ असे मोघम म्हणून खेकडा वाचत नाही. त्याला मातीचा काठ हवा. नाग नदीला शहरात अनेक ठिकाणी दगडासिमेंटच्या भिंती आहेत. भिंतीत बीळ होत नाही. पूर्व विदर्भातल्या जुन्या मालगुजारी तलावांना अजून मातीच्या पाळी आहेत. त्यांची डागडुजी करताना सांडवा आणि मुख्य पाळ भक्कम करावी, गळणारी बिळे बुजवावीत. पण वरच्या अंगाचा कच्चा काठ आणि येव्याचे ओढे तसेच राखावेत. फवारणीचा पंप नाल्यात धुऊ नये. या गोष्टींना पैसा थोडा आणि लक्ष फार लागते.

प्राण्यांना नीट नावे देणे हा पंडितांचा खेळ आहे, असे समजण्याची चाल आहे. परंतु कोण कोणाच्या कुळातला हे कळल्याशिवाय कोणाला कशाने इजा होते, हे कळत नाही. आणि ते न कळता केलेली दया आंधळी असते. येत्या मृगात पहिली सर आली की बेडूक ओरडू लागतील आणि खेकडे बिळांतून बाहेर पडतील. बेडूक आपली हजेरी ओरडून लावतो. खेकड्याला कंठ नाही. त्याची हजेरी आपणच घ्यावयाची आहे.