न बोलता हसवण्याची विद्या



मुलांनो, मघाशी तुमची नाटुकली पाहिली, म्हणून आज विनोदाबद्दलच बोलतो.

1895 साली फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंनी एक चित्रपट काढला, जेमतेम मिनिटभराचा. माळी बागेला पाणी देतोय. एक पोरगा मागून येऊन नळीवर पाय देतो. पाणी बंद! माळी नळीच्या तोंडाशी डोळा लावतो आणि पोरगा पाय उचलतो. पाण्याचा फवारा थेट तोंडावर! पाय क्षणभर आधी उचलला किंवा क्षणभर उशिरा, तर सगळी गंमत गेली. शरीरानं हसवायचं, तर वेळ अशी अचूक साधावी लागते.

आपल्या दादासाहेब फाळक्यांनीही 1914 मध्ये 'पिठाचे पंजे' हा छोटा विनोदी मूकपट काढला. आणि आपल्या हैदराबादेत होते धीरेंद्रनाथ गांगुली. निझामाच्या राज्यात ते कला शिकवत. नाना वेश घेऊन, नाना भाव चेहऱ्यावर आणून त्यांनी स्वतःचीच छायाचित्रं काढली आणि 1915 मध्ये त्यांचं पुस्तक केलं. आधी असा चेहऱ्याचा अभ्यास, मग पडदा! 1921 च्या 'बिलेत फेरत' या मूकपटात विलायतेहून परतलेल्या तरुणाचा साहेबी तोरा दाखवून त्यांनी लोकांना हसवलं. 1922 मध्ये याच शहरात त्यांनी लोटस फिल्म कंपनी काढली. 'रझिया बेगम' हा चित्रपट दाखवल्यावर निझामाची मर्जी फिरली आणि त्यांना हैदराबाद सोडावं लागलं. पण काम सोडलं नाही. पुढे 1975 सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला.

मुलांनो, तुमच्या गल्लीत तेलुगू, उर्दू, मराठी, कन्नड बोलणारी घरं शेजारी-शेजारी आहेत. न बोलता केलेला विनोद या सगळ्या घरांत एकाच वेळी पोचतो. म्हणून पुढच्या संमेलनात पाच मिनिटांचं एक मूकनाट्य बसवा. पडायचं कसं, दचकायचं कसं, थांबायचं कुठे, याची भरपूर तालीम करा. मात्र कुणाच्या व्यंगाची नक्कल करून हशा मिळवू नका. त्याला कला म्हणत नाहीत.

आणि शिक्षकांना एकच विनंती. गांगुलीही शिक्षकच होते. या मुलांना तालमीसाठी वेळ द्या.