करार त्यांचा, अंग तिचं



मी गोदीत गोण्या उचलणारा माणूस. मॅट्रिकला कोरियाचा नकाशा रंगवला होता. आज त्या रंगाखालचं सांगतो.

१९५३ च्या ऑक्टोबरात अमेरिका आणि दक्षिण कोरियानं संरक्षणाचा करार केला. पलटणी राहिल्या. छावण्यांच्या दाराशी बायांच्या वस्त्या वाढल्या. लढाईनं उघड्यावर आणलेल्या गरिबांच्या पोरी तिथं आल्या. कुणी पोटासाठी, कुणी फसवून. मालकाच्या कर्जात रुतल्या.

१९७१ मध्ये अमेरिकेनं एक डिव्हिजन परत नेली. उरलेलं सैन्य तरी राहावं म्हणून कोरियन सरकारनं वस्त्या ‘स्वच्छ’ करायला घेतल्या. म्हणजे काय? बायांची सक्तीची तपासणी. सोल्जरनं बोट दाखवलं की बाई कोंडली, पेनिसिलिनची सुई टोचली. वर साहेबांचं भाषण: तुम्ही डॉलर आणता, तुम्ही देशभक्त! आणि गावात? शिवी.

हे आपल्याला नवं नाही. इंग्रजानं १८६४ च्या छावणी कायद्याखाली इथल्या बायांचीही अशीच नोंद केली, तपासणी केली, त्यांना कोंडलं.

२०१४ साली १२२ कोरियन बाया सरकारविरुद्ध कोर्टात गेल्या. बऱ्याचशा म्हाताऱ्या झालेल्या. सप्टेंबर २०२२ मध्ये तिथल्या सुप्रीम कोर्टानं ठरवलं: हा धंदा सरकारनंच चालवला, वाढवला, भरपाई द्या.

देशाचं रक्षण म्हणता, मग ती बाई देशात येत नाही काय? करारात तिचं नाव शोधा. सापडणार नाही. ते त्या म्हाताऱ्यांनी स्वतः कोर्टाच्या कागदावर लिहिलं.