तांदळांतलें नांव

नववधू उंबरठ्यावरचें माप ओलांडून सासरच्या घरांत आली, लक्ष्मीपूजन झालें, कीं एका ताटांत तांदूळ पसरतात आणि वर आपल्या अंगठीनें त्यांत तिचें नवें नांव लिहितो. काय नांव ठेवलें म्हणून बायका पुढें सरसावतात, पेढे वांटले जातात, आणि कालपर्यंत एका नांवानें हांक मारली जाणारी मुलगी दुसऱ्या नांवाला 'ओ' देऊं लागते. समारंभ गोड आहे यांत शंका नाहीं. पुढें ते तांदूळ डब्यांत जातात. नांव मात्र राहतें, आणि त्याचा हिशेब कित्येक वर्षें चुकवावा लागतो. तो कोणाला चुकवावा लागतो, हें पाहण्यासारखें आहे.

इतर पुष्कळ समाजांत विवाहानंतर स्त्रीचें आडनांव तेवढें बदलतें. मराठी माणसाचें नांव तीन पदरी असतें: स्वतःचें, वडिलांचें आणि घराण्याचें. मुलीच्या बाबतींत वडिलांच्या जागीं पति येतो, माहेरच्या आडनांवाच्या जागीं सासरचें येतें, आणि जेथें जुनी चाल पाळतात तेथें तिचें स्वतःचें नांवहि जातें. तिन्ही पदें गेलीं, तर कालची ती हीच, हें ओळखावयाचें कशावरून?

न्यायमूर्ति रानडे यांच्या पत्नी रमाबाई आणि डॉक्टर आनंदीबाई जोशी या दोघीहि माहेरच्या यमुना. १८८६ सालीं फिलाडेल्फियाची वैद्यकीय पदवी मिळाली ती आनंदीबाईंना. यमुना कोण होती हें चरित्रकारांनीं सांगितलें म्हणून कळतें. ज्यांना चरित्रकार लाभला नाहीं त्या यमुना कोठें गेल्या? आजीचें माहेरचें नांव काय, असें एकाद्या सुशिक्षित घरांत सहज विचारून पाहावें. पुष्कळदां सर्वजण एकमेकांच्या तोंडाकडे पाहूं लागतात.

नवें नांव म्हणजे नेहमींच तोटा, असेंहि नाहीं. बालपणींच वैधव्य आलेल्या गोदूबाईंचा १८९३ सालीं धोंडो केशव कर्वे यांच्याशीं पुनर्विवाह झाला आणि त्या आनंदीबाई झाल्या. जुन्या नांवाबरोबर वैधव्याचा शिक्का मागें पडत असेल, तर तें नांव कोणी हौसेनें टाकील. तेव्हां भांडण नव्या नांवाशीं नसून न विचारतां दिलेल्या नांवाशीं आहे.

त्या काळीं स्त्रीच्या नांवावर कागदच थोडे असत. आज शाळेचा दाखला, पदवीपत्र, पॅनकार्ड, आधार, बँकेचें खातें, पारपत्र, सर्वांवर तिचें नांव असतें. विवाहानंतर पतीचें आडनांव लावलेंच पाहिजे असा कायदा भारतांत नाहीं. हें ऐकून अजूनहि अनेकांना आश्चर्य वाटतें. एकदां नांव बदलावयाचें ठरलें, कीं विवाहनोंदणीचा दाखला घेऊन एकामागून एक कचेऱ्या पालथ्या घालाव्या लागतात. स्वतःचें नांवहि बदललें असेल तर शासकीय राजपत्रांत तें छापून आणण्याची पाळी येते. पदवीपत्र बहुधा जुन्याच नांवाचें राहतें, म्हणून नोकरीच्या अर्जाला दोन्ही नांवें एकाच व्यक्तीचीं असल्याचें प्रतिज्ञापत्र जोडावें लागतें. प्रत्येक खेपेला शुल्क आणि एका दिवसाची रजा. पतीच्या एकाहि कागदाला हात लागत नाहीं, मग त्याला हा खर्च दिसणार कसा? दुर्दैवानें घटस्फोट झाला आणि तिला पूर्वीच्या नांवाकडे परतावेंसें वाटलें, तर हीच वाट उलट चालावी लागते.

परंतु खरी गोष्ट पैशांची नाहीं, हक्काची आहे. वडील वारले आणि गांवच्या जमिनीवर वारसनोंद करावयाची वेळ आली, असें समजूं. हिंदु उत्तराधिकार कायद्यांत २००५ सालीं झालेल्या दुरुस्तीनें एकत्र कुटुंबाच्या मिळकतींत मुलीला मुलाइतकाच हक्क दिला. भाऊ प्रेमळ असले तर काम सुरळीत होतें. भावांच्या मनांत आडपडदा असला, तर नांवांतला फरक हातीं आयताच सांपडतो. "ही अमकी कोण? आमच्या बहिणीचें नांव तर तमकें," एवढें एक वाक्य अडवणुकीला पुरतें. मग ज्या घरांत ती रांगली, त्या घरची आपण मुलगी आहों हें तिनें कागदांनीं सिद्ध करीत बसावें. कित्येकजणी कंटाळून, भावाशीं वांकडेपणा नको म्हणून, हक्कसोड करून मोकळ्या होतात.

महाराष्ट्र सरकारनें २०२४ सालीं ठरविलें, कीं १ मे २०२४ रोजीं व त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदांवर मुलाचें नांव, मग आईचें, मग वडिलांचें व शेवटीं आडनांव असा क्रम असावा. विवाहित स्त्रीच्या नांवाची चालत आलेली रीत तशीच ठेवली. मात्र मिळकतीच्या दस्तऐवजांत विवाहापूर्वींचें नांव नोंदविण्याची तिला मुभा दिली. दुखणें नेमकें कोठें आहे, हें या मुभेवरून उघड होतें.

आई निराळ्या आडनांवाची दिसली तर मुलांना लोक काय म्हणतील, अशी शंका वडीलधारी मंडळी काढतात. ती मायेपोटींच असते. पण मुलाला शाळेंतून आणावयास आई आली म्हणजे तें आडनांव विचारून तिच्याकडे धांवत नाहीं.

ज्या मुलीला मनापासून नवें नांव हवें असेल, तिनें तें खुशाल घ्यावें; मात्र विवाहनोंदणी लागलीच करावी, जुन्या व नव्या नांवाचे कागद एकत्र जपावे, आणि माहेरच्या सात-बाऱ्यावर जुनें नांव असेल तर दोन्ही नांवें जोडणारा पुरावा हाताशीं ठेवावा. कांहीं घरांत आतां तांदूळ पूर्वींसारखेच पसरतात, अंगठीहि तीच असते. वर मात्र ताटांत मुलीचें मूळचेंच नांव लिहितो, आणि पेढे वांटण्यांत कांहीं कमी पडत नाहीं.