म्हातारा इन्स्पेक्टर आणि हरवलेली माळ

आम्ही गिरगावातल्या खोताच्या वाडीतल्या बायका. लाकडी जिने, कौलारू घरं, पुढे ओटा, अशी आमची वाडी. आज एका जुन्या मालिकेची गोष्ट सांगतो.

ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर रात्री ‘द ओल्ड फॉक्स’ लागायची. मालिका जर्मनीची, तिकडे १९७७ साली सुरू झालेली. मूळ नाव ‘डेर आल्टे’, म्हणजे म्हातारा. टीव्ही मोजक्या घरांत, म्हणून भांडी उरकून आम्ही शेजारी जाऊन बसायचो. बोलणं इंग्रजीत; कॉलेजात जाणारी एक पोर भराभर मराठीत सांगायची, आणि त्या नादात पुढचं चुकलं की आमच्यावरच चिडायची!

म्युनिक शहरातले खून, आणि ते शोधणारा कोस्टर. झीगफ्रीड लोवित्झ हे साठी उलटलेले नट ते काम करायचे. मारामारी जवळजवळ नाहीच. हा लोकांच्या घरी जायचा आणि विचारत राहायचा. शेवटचं कोणी पाहिलं? तेव्हा तुम्ही कुठे होता? पुढे मराठीत ‘एक शून्य शून्य’ आली, तीही आम्ही चुकवली नाही. पण म्हाताऱ्याची सर नाही, असं आमचं मत.

त्याच दिवसांत वाडीतल्या एका घरातली मोहनमाळ गेली. सगळ्यांची बोटं धुणंभांडी करणाऱ्या बाईकडे. ती कोकणातून आलेली, एकटी. ‘पोलिसात द्या’ म्हणून गलका झाला. तेव्हा ती कॉलेजातली पोर म्हणाली, “आधी विचारा तरी, माळ शेवटची कोणी पाहिली?” विचारता विचारता निघालं, की लग्नाहून आल्यावर सासूबाईंनीच ती काढली होती. पैठणीच्या घडीत सापडली.

एक गोष्ट तेव्हा आम्हाला ठाऊक नव्हती, तुम्ही ध्यानात ठेवा. साक्षीदार म्हणून जबाब घ्यायचा असेल, तर पोलीस बाईला ठाण्यात यायची सक्ती करू शकत नाहीत. ती राहते तिथे येऊन विचारावं लागतं. कायदाच आहे तसा. आणि विशेष कारण असल्याशिवाय सूर्य मावळल्यावर बाईला अटक करता येत नाही.

ती बाई काही परत कामाला आली नाही. राहिलेला पगार घेऊन आम्ही दोघीतिघी तिच्या खोलीवर गेलो. तिने पैसे मोजून घेतले आणि दार लावलं.